गुलाबी फेट्यावर नेम

रविराजला तिकीट हवं होतं आणि केदारनाथला रविराज हवा होता. दोघांचाही योग एकाच दिवशी आला, सुंदररावसाहेबांच्या वाढदिवसाला.

केदारनाथचं सायबर कॅफे गेवराईत हायवेला लागून होतं, वडिलांच्या धान्याच्या दुकानाशेजारच्या गाळ्यात. उदारीकरण दिल्लीत झालं असं पुस्तकात लिहितात. गेवराईत ते या गाळ्यातून आलं. आधी एसटीडीचा पिवळा डबा, मग झेरॉक्स, मग ओळीनं कॉम्प्युटर आणि एक एसी. एसी कॉम्प्युटरसाठी होता. माणसांना गार वाटलं तर त्याला केदारनाथचा इलाज नव्हता.

दिवसा तिथं बारावीचे निकाल बघितले जायचे, डीएडचे फॉर्म भरले जायचे. संध्याकाळी पोरं बंदुकीच्या गेमला बसायची. पोरं म्हणायचं ते सवयीनं, त्यातल्या निम्म्यांची लग्नं झालेली होती. पडद्यावर आपल्या हातात बंदूक, समोर वाळवंटातलं एखादं गाव, आणि त्या गावात दडून बसलेली दुसऱ्या टीमची माणसं. ज्याचा नेम आधी लागला तो जगला. कपाळात बसली तर एका गोळीत काम. ब्रॉडबँड आल्यापासून गेवराईची टीम नेटवरून औरंगाबादच्या एका कॅफेशी सामने खेळायला लागली होती. तोवर गेवराईचा माणूस औरंगाबादला जायचा तो दवाखान्यासाठी नाही तर कोर्टासाठी. आता तो तिथल्या माणसाच्या कपाळात गोळी घालून जेवायला वेळेवर घरी येत होता. या प्रगतीचं गावाला कौतुक होतं.

रविराज हा सुंदररावांचा पुतण्या. सुंदरराव म्हणजे तालुक्यातली बँक, शाळा, खरेदी-विक्री संघ आणि ज्या ज्या गोष्टीला अध्यक्ष लागतो ती ती गोष्ट. रविराज इंजिनिअर व्हायला पुण्याला गेला आणि येताना इंजिनिअरिंग तिथंच ठेवून एक सीडी घेऊन आला.

त्या सीडीत नेम होता. माणसानं फक्त माउसचं एक बटण दाबून धरायचं. नेम सीडीतलं सॉफ्टवेअर धरायचं. हे अर्थात नंतर कळलं. तेव्हा एवढंच दिसलं की जो रविराज भिंतीत गोळ्या घालायचा तो एकाएकी माणसांत घालायला लागला. मनगट बसलं, असं तो सांगायचा. भिंतीकडेच्या कोपऱ्यातल्या मशीनवरच बसायचा, कारण तिथं पाठीमागं कुणी उभं राहू शकत नव्हतं.

औरंगाबादवाले काही दिवस हरले आणि मग त्यांनी सामन्याचं रेकॉर्डिंग काढून बघितलं. त्यात गेवराईची एक बंदूक या डोक्यावरून त्या डोक्यावर अशी उडत होती, की माणसाच्या हाताला ते जमणं शक्य नव्हतं. त्यांनी चर्चा केली नाही. दार लावून घेतलं. नेटवर दार लावतात ते माणसाच्या तोंडावर नाही, पत्त्यावर. पत्ता कॅफेचा होता, जोडणी केदारनाथच्या नावावर होती. त्या दिवसापासून कॅफेतल्या कुठल्याही मशीनवरून कुणीही सामन्यात शिरू गेलं की पडद्यावर इंग्रजीत एक ओळ यायची. तिचा अर्थ असा होता, की या ठिकाणाला चोरीबद्दल कायमची बंदी आहे. चोराचं नाव नव्हतं. ठिकाणाचं होतं.

रविराजनं चौकात पानटपरीवर उभं राहून आपलं मत दिलं. मशिनी त्याच्या, कुलपं त्याची, रात्री त्यात कोण काय भरतं आमाला काय ठाऊक. रविराज चौकात जे बोलायचा ते दुपारपर्यंत तालुक्यात सरकारी निर्णयासारखं पोचायचं.

एवढ्यावर भागलं असतं तरी केदारनाथनं सोसलं असतं. पण त्या सॉफ्टवेअरबरोबर आणखीही काही पाहुणे आले होते, न बोलावता. कोपऱ्यातल्या मशीनवर ज्यानं ज्यानं आपला ईमेल उघडला त्याचा पासवर्ड कुठं तरी परदेशी जायला लागला. मुख्याध्यापिका वत्सलाबाई त्या मशीनवर बसून शाळेचा मेल बघायच्या. त्यांच्या नावानं बीडच्या शिक्षणखात्यातल्या साहेबांपासून गावच्या सरपंचांपर्यंत सगळ्यांना पुरुषांच्या ताकदीच्या गोळ्यांची जाहिरात गेली. वत्सलाबाई कॅफेत आल्या, केदारनाथकडे नुसत्या बघत राहिल्या आणि परत गेल्या. ओरडल्या असत्या तर त्याला बरं वाटलं असतं.

आणि मग ते दुकानापर्यंत आलं. केदारनाथचे वडील मन्मथप्पा. कपाळावर विभूतीचे तीन पट्टे, गळ्यात लिंग आणि समोर काटा. या काट्यावर माल घेतलेल्या माणसानं घरी जाऊन पुन्हा मोजलं नाही, ही मन्मथप्पांची सगळी इस्टेट. त्या वर्षी ते कपिलधारच्या यात्रेला गेले. महाप्रसादाच्या पंगतीत माजलगावच्या एका व्यापाऱ्यानं त्यांना वाढता वाढता विचारलं, आप्पा, आता काट्यात बी कॉम्प्युटर बसवला म्हणं. पंगत हसली. चांगली माणसं होती, सहज हसली.

मन्मथप्पा यात्रेहून परत आले. दुसऱ्या दिवशी दुपारी ते जेवायला उठले तेव्हा केदारनाथ नेहमीसारखा गादीवर बसायला गेला. वडील घरात जेवत असेतो काटा मुलानं सांभाळायचा ही त्यांच्याकडची रीत.

"तू नगं," मन्मथप्पा म्हणाले. "दुकान बंद ठिव."

भरबाजारात दुपारी दुकानाची फळी लागली. अख्ख्या लाइनीनं बघितलं. आई नीलम्मा ताट वाढताना म्हणाली, की त्यांचा राग जाईल. केदारनाथनं तिला सांगितलं, की राग नाहीये तो, हिशेब आहे. आणि आपलाही एक हिशेब आता सुरू झाला, हे मात्र सांगितलं नाही.

तो एकदाच सरळ रस्त्यानं गेला. सुंदररावांच्या बंगल्यावर जाऊन सकाळच्या दरबारात उभा राहिला आणि नंबर आल्यावर सगळं सांगितलं. साहेबांनी ऐकून घेतलं. ऐकून घेण्याबद्दल त्यांचं जिल्ह्यात नाव होतं.

"आरं, पोरांचा खेळ हाय," ते म्हणाले. "खेळात घ्यायचं." आणि पुढच्या माणसाला बोलावलं.

केदारनाथनं ते वाक्य खिशात घालून आणलं.

त्या संध्याकाळी त्यानं कॅफेचं शटर आतून ओढलं आणि सिदूला घेऊन कोपऱ्यातल्या मशीनवर बसला. सिदू त्याचा मित्र. समोरच्या फ्लेक्सच्या दुकानात डिझाइन करायचा. तालुक्यातला कुठलाही वाढदिवस, निवड, पुण्यतिथी आधी सिदूच्या कॉम्प्युटरवर व्हायची आणि मग गावात. रविराजनं सीडी काढून नेली होती, पण सॉफ्टवेअर मशीनमध्ये राहिलं होतं. पुसून टाकायला तो विसरला असं नाही. पुसायचं असतं हे त्याला माहीत नव्हतं.

त्यांनी गेम लावला. सॉफ्टवेअर चालू केल्याबरोबर समोरच्या टीमच्या सगळ्या माणसांची डोकी झगझगीत गुलाबी झाली, जसं काही सगळे एका लग्नातून उठून लढाईला आलेत. केदारनाथनं बटण दाबून धरलं. माउस त्याच्या हाताला न जुमानता गुलाबी रंगाकडं धावला. पुन्हा दाबलं, पुन्हा धावला. दोघांनी बराच वेळ उलटसुलट करून बघितलं तेव्हा त्यांच्या लक्षात आलं, की या सॉफ्टवेअरला माणूस कळतच नाही. त्याला फक्त गुलाबी कळतं. आधी ते शत्रूची डोकी रंगवतं आणि मग जिथं गुलाबी जास्त दिसेल तिथं गोळी घालतं. एवढीच त्याची अक्कल.

सिदूला गंमत सुचली. त्या गेममध्ये भिंतीवर आपलं चित्र चिकटवायची सोय होती. त्यानं आपला एक जुना फ्लेक्स चिकटवला, चारी कोपऱ्यांत गुलाबाची फुलं असलेला, कारण गुलाबाशिवाय फ्लेक्स हे गेवराईत कुणी फ्लेक्स धरत नाही. मग स्वतः दुसऱ्या मशीनवरून येऊन केदारनाथच्या बंदुकीपुढं उभा राहिला. केदारनाथनं बटण दाबलं. बंदुकीनं सिदूकडं ढुंकूनही बघितलं नाही. गुलाबाच्या फुलात गोळ्या घालत राहिली.

सिदू खुर्चीतून पडेपर्यंत हसला. केदारनाथ हसला नाही. तो त्या भिंतीकडं बघत होता. गोळ्यांची भोकं तशीच राहिली होती.

"सिदू," तो म्हणाला, "सुंदररावसाहेब फेटा कोणत्या रंगाचा बांधत्यात?"

सिदूचं हसणं हळूहळू बंद झालं. साहेबांचे फ्लेक्स त्यानं इतके केले होते, की डोळे मिटून सांगू शकला असता.

"गुलाबी," तो म्हणाला.

वाढदिवस जवळ आला तसा रविराज स्वतः कॅफेत आला. जसं काही झालंच नव्हतं असा. ज्यानं दुसऱ्याचं वाटोळं केलंय त्याला ते लवकर विसरायला होतं. ही सोय निसर्गानं केलेली आहे. पंचायत समितीची निवडणूक तोंडावर होती. तलवाडा गणातून या वेळी तरुण माणूस द्यायचा असं साहेबांच्या मनात होतं, आणि वाढदिवसाच्या स्टेजवरून ते नाव जाहीर होणार होतं. तरुणांचा नेता आहोत हे तरुणांसमोर दिसावं म्हणून रविराजनं बंदुकीच्या गेमची स्पर्धा काढली होती: सुंदरराव चषक. मंगल कार्यालयात, मोठ्या पडद्यावर. शेवटची मॅच साहेबांसमोर होणार आणि ती रविराज जिंकणार, एवढं ठरलेलं होतं. गावात एवढी मशीन केदारनाथकडेच होती, म्हणून तो आला होता.

केदारनाथ लगेच हो म्हणाला. मशीन देतो, प्रोजेक्टर जोडतो, दिवसभर उभा राहतो. चोर म्हणून खेळायला बंदी आहे तर निदान वायरी तरी जोडतो. रविराजला त्याचा हा नरमपणा आवडला. त्यानं मोठ्या मनानं केदारनाथच्या खांद्यावर हात ठेवला. केदारनाथनं तो हात तिथं राहू दिला.

"एक सुचवू का," केदारनाथ म्हणाला. "हॉलमधी साहेबांचे फ्लेक्स लागतील चारी बाजूनं. पण लोक बघणार पडद्याकडं. आणि पडद्यात साहेब न्हाईत."

रविराजच्या चेहऱ्यावर काळजी आली. ही काळजी खरी होती. ज्या गोष्टीकडं लोक बघतात तिथं साहेबांचा फोटो नाही, हे त्याच्या घराण्यात नुसतं विसरणं मानत नसत.

"गेममधी लावता येतो का फोटो?"

"भिंतीवर येतो. लहान येईल."

"लहान कावून? मोठा लाव."

मग सिदू दोन फोटो घेऊन आला. एकात साहेब पांढऱ्या टोपीत होते, एकात तलवाड्याच्या सभेतल्या गुलाबी फेट्यात. केदारनाथ म्हणाला, की टोपीचा घ्या, साधा दिसतो, लोकांतला वाटतो. रविराजनं त्याच्याकडं असं बघितलं, की वायरी जोडणाऱ्यानं वायरी जोडाव्यात.

"साहेब साधं कावून दिसायला पायजेत? फेट्याचा घे. भिंतभर कर."

फोटो त्यानं निवडला, आकार त्यानं सांगितला. केदारनाथनं सिदूला मागाहून एकच गोष्ट सांगितली. फेट्याचा रंग जरा उजळ कर. किती, ते त्यानं सिदूला कोपऱ्यातल्या मशीनवर दाखवलं.

गुलाबी रंगाचा आपल्या नेमाशी काही संबंध आहे हे रविराजला ठाऊक नव्हतं. ती डोकी गुलाबी होतात तो त्याला नुसता शृंगार वाटत होता. त्याची अडचण वेगळी होती. पडद्यावर आपल्याच मशीनचं चित्र दिसलं पाहिजे ही त्याची अट होती आणि मग ती गुलाबी डोकी सगळ्या हॉलला दिसणार. यावर त्यानं स्वतःच तोडगा काढला. सूत्रसंचालन करणाऱ्या बंकटनं सुरुवातीलाच माइकवर जाहीर केलं, की साहेबांच्या वाढदिवसानिमित्त समोरच्या खेळाडूंना गुलाबी फेटे बांधण्यात आलेले आहेत. टाळ्या पडल्या. शत्रूला फेटा बांधून मग मारायची पद्धत लोकांना खानदानी वाटली.

आधीच्या फेऱ्या दुपारीच झाल्या, जुन्याच मैदानात, साहेबांचा फोटो नसलेल्या. रविराजसमोर त्याच्याच तरुण मंडळाचे कार्यकर्ते आले आणि पदाला शोभेल असे मेले. दुसऱ्या बाजूनं तलवाड्याचा उत्तरेश्वर वर आला. त्याचं खताचं दुकान होतं, चार शब्दांवर पाचवा बोलायचा नाही आणि बंदुकीवर त्याचा हात खराच बसलेला होता. तो शेवटच्या मॅचला आला याचं मंडळाला जरा वाईट वाटलं, पण रविराजकडं सीडी होती.

साहेब आले. हार झाले. व्यापाऱ्यांच्या रांगेत मन्मथप्पाही हार घेऊन आलेले होते, कारण साहेबांच्या वाढदिवसाला व्यापारी येतो की नाही हे साहेब बघत नाहीत, पण त्यांची माणसं बघतात. हार घालून ते दुसऱ्या रांगेत बसले. मुलगा प्रोजेक्टरपाशी उभा होता. त्याच्याकडं त्यांनी बघितलं नाही.

केदारनाथनं शेवटच्या मॅचचं मैदान लावलं. पडद्यावर ते वाळवंटी गाव आलं आणि गावाच्या मधोमध, भिंतभर, सुंदररावसाहेब. गुलाबी फेटा, जोडलेले हात, किंचित हसू. सगळा हॉल उभा राहिला. साहेबांनी हात वर केला. कुणाला ते कळेना, लोकांना की फोटोला.

मॅच सुरू झाली. गल्लीच्या टोकाला उत्तरेश्वरचं गुलाबी डोकं दिसलं. रविराजनं शांतपणे बटण दाबलं आणि बंदूक उत्तरेश्वरला सोडून गर्रकन वळली. साहेबांच्या कपाळाच्या वर, फेट्याच्या पहिल्या घडीत, एक काळं भोक पडलं.

हॉलमध्ये काही जण हसले. नेम चुकला असेल. रविराजनं बटण सोडलं, बंदूक हातानं वळवून पुन्हा उत्तरेश्वरकडं नेली, पुन्हा दाबलं. बंदूक पुन्हा साहेबांकडं आली. दुसरं भोक, तिसरं भोक. मग घाबरलेला माणूस करतो तेच रविराजनं केलं: बटण घट्ट धरून ठेवलं. एका मागोमाग एक गोळ्या भिंतीवर बसत राहिल्या. स्पीकर मंगल कार्यालयाचे होते, लग्नाच्या वरातीला लावायचे, त्यामुळं एकही गोळी कुणाला ऐकू आली नाही असं झालं नाही.

उत्तरेश्वरला गल्लीतून पुढं यायला तोच एक रस्ता होता. तो धावत फोटोसमोर आला आणि थांबला, कारण समोर काय चाललंय ते त्यालाही समजेना. रविराजच्या गोळ्या त्याच्या अंगातून गेल्या. तो पडला. पडल्यावर फोटो पुन्हा मोकळा झाला आणि बंदूक पुन्हा कामाला लागली.

आता कुणी हसत नव्हतं. महाराष्ट्रात पुतण्यानं काकावर नेम धरणं याला बातमी म्हणत नाहीत, रीत म्हणतात. पण ती भिंतीआड करायची असते, भिंतीवर नाही. पेपरवाल्याचा फ्लॅश उडाला. स्टेजवरचा एक कार्यकर्ता केविलवाणा हसून म्हणाला, की पोरांचा खेळ आहे साहेब. सुंदररावांनी त्याच्याकडं बघितलं आणि तो माणूस चहाची व्यवस्था बघायला निघून गेला.

केदारनाथनं प्रोजेक्टर बंद केला नाही. ते त्याच्या हातात होतं. त्यानं हात पाठीमागं बांधले.

साहेबांनी माइक मागितला. हसत होते. ते हसत माइक मागतात तेव्हा जुनी माणसं दाराजवळ सरकतात.

"काय रविराज," ते म्हणाले, "काका दिसला की हात शिवशिवतो का बाळा?"

"काका, म्या न्हाई मारलं. माउस आपोआप गेला."

"आपोआप म्या बी लई ठिकाणी गेलतो. दर वेळंला कुणी तरी नेलतं. तुला कुणी नेलं?"

रविराज उभा राहिला. आयुष्यात पहिल्यांदा तो विचार करताना गावाला दिसला. एक तर त्यानं काकाच्या कपाळात मुद्दाम गोळ्या घातल्या, नाही तर त्या त्यानं घातल्याच नाहीत. दुसरं सिद्ध करायचं तर गोळ्या कुणी घातल्या ते सांगावं लागत होतं. गद्दार की चोर, एवढीच निवड होती, आणि राजकारणाच्या घरात वाढलेल्या माणसाला त्यात फार वेळ लागत नाही.

"सॉफ्टवेअर हाय काका," तो म्हणाला. "नेम धरायचं. त्येच धरतं, म्या नुसतं बटण दाबतो. पुण्याहून आणलतं."

"म्हंजी तू खेळतच न्हाईस?"

"न्हाई काका. कवाच न्हाई. औरंगाबादच्या मॅचला बी त्यानंच मारलं." पटत नाही असं दिसल्यावर तो घाईघाईनं पुढं बोलत गेला, जितका जास्त चोर ठरेल तितका कमी गद्दार ठरत होता. "कॅफेतल्या मशीनवर बी म्याच टाकलतं. बंदी आली ती माझ्यामुळं. केदारला ठाऊक बी नव्हतं. केदार, सांग की साहेबांना."

सगळा हॉल प्रोजेक्टरकडं वळला. बंकटनं धावत जाऊन केदारनाथच्या हातात माइक दिला. केदारनाथ या वाक्याची कपिलधारच्या यात्रेपासून वाट बघत होता. त्यानं ते सावकाश म्हटलं.

"खरं हाय साहेब. ह्यो चोर हाय."

रविराजनं जोरजोरात मान डोलावली. आपल्या बाजूनं साक्ष पडल्याचा त्याला आनंद झाला होता.

सुंदररावांनी बराच वेळ पडद्याकडं बघितलं. तिथं फेट्याची चाळण झाली होती, खालचं हसू तेवढं शाबूत होतं. मग त्यांनी उत्तरेश्वरला पुढं बोलावलं आणि विचारलं, की तू फोटोसमोर येऊन कावून उभा राहिला. उत्तरेश्वर खरं सांगणार होता, की रस्ताच तो होता. पण बंकटला वारा कळायचा. त्यानं माइक ओढून घेतला आणि सांगितलं, की साहेबांवरच्या गोळ्या तलवाड्याच्या या वाघानं स्वतःच्या छातीवर घेतल्या. हॉल कोसळला. उत्तरेश्वरच्या गळ्यात साहेबांनी स्वतःच्या गळ्यातला हार घातला, आणि तलवाडा गणाचं नाव तिथंच जाहीर झालं. खताच्या दुकानाला आता कोण बसणार, एवढंच त्या वेळी उत्तरेश्वरच्या मनात आलं, असं तो पुढं सभापती झाल्यावर सांगायचा.

रविराजला साहेबांनी माफ केलं. चोरीचं काही नाही, ते नंतर चहाला बसलेल्यांना म्हणाले, चोरी सुधारते. पण ज्याला स्वतःचा नेम धरता येत नाही त्याच्या हातात आपला तालुका कसा द्यायचा. हे वाक्य कुणी पेपरात छापलं नाही, त्याची गरजही नव्हती. पुढच्या फ्लेक्सवर रविराजचा फोटो साहेबांच्या शेजारून उचलून खालच्या ओळीत गेला, गोल, हरभऱ्याएवढा. त्यापुढच्या फ्लेक्सवर त्या जागी गुलाबाचं फूल होतं. दोन्ही वेळा ते काम सिदूनं केलं आणि दोन्ही वेळा केदारनाथला बोलावून दाखवलं.

वाढदिवसाच्या दुसऱ्या दिवशी दुपारी मन्मथप्पा जेवायला उठले. फळी लावायला नोकर पुढं झाला, त्याला त्यांनी थांबवलं आणि केदारनाथला शेजारच्या गाळ्यातून हाक मारली.

"फोटो कुणी निवडला?"

"त्यानंच."

"मोठा कुणी करायला लावला?"

"त्यानंच."

"आणि रंग?"

मन्मथप्पांनी काट्याच्या रिकाम्या पारड्याकडं बघितलं. ते हलत नव्हतं.

"रंग म्या उजळ केला, आप्पा," केदारनाथ म्हणाला.

फेटा आधी गुलाबी होता का, एवढं मन्मथप्पांनी विचारलं. होता, केदारनाथ म्हणाला. मग त्यांनी चपला घातल्या.

"बस," ते म्हणाले. "काट्याला हात लावायच्या आधी धुवून घे."

त्याचा अर्थ नीलम्मानं एक लावला आणि केदारनाथनं एक. पण तो हात धुवून बसला.

औरंगाबादवाल्यांनी पुढं दार उघडलं. उत्तरेश्वरनं सभापतीच्या टेलिफोनवरून त्यांना सगळी हकीकत सांगितली. वत्सलाबाई परत यायला लागल्या, पण कोपऱ्यातल्या मशीनवर कधी बसल्या नाहीत. केदारनाथनं त्या मशीनसकट सगळ्या मशीनच्या पडद्यांवर साहेबांचा तोच फोटो लावला. गुलाबी फेटा, जोडलेले हात, कपाळ साफ. मशीन चालू केलं की आधी साहेब यायचे आणि मग बाकीचं जग. कारण कुणी विचारलं नाही. गेवराईत साहेबांचा फोटो लावायला कारण लागत नाही.

रविराज एकदाच आला, उन्हाळ्यात. कुठल्याशा एजन्सीचा फॉर्म भरायचा होता आणि गावात दुसरं कॅफे नव्हतं. कोपऱ्यातल्या मशीनवर बसला. पडदा उजळला तसा तो खुर्चीतच मागं सरकला. माउसला त्यानं हात लावला नाही.

"केदार," तो दबक्या आवाजात म्हणाला, "हे काढ की बे."

केदारनाथ गल्ल्यावरून उठला नाही. कॅफे भरलेलं होतं आणि सगळ्यांनी माना वळवलेल्या होत्या.

"साहेबांचा फोटो हाय," तो म्हणाला. "काढायचा असंल तर तू काढ."